भाताच्या खाचरातला हंगाम

कार्तिकी एकादशीला खोपोलीजवळच्या साजगावात विठोबाची यात्रा सुरू होते. सुक्या बोंबलांचा मोठा बाजार इथे भरतो, म्हणून पंचक्रोशीत या देवाला बोंबल्या विठोबाच म्हणतात. खालापूर आणि कर्जत तालुक्यांतली शेतकरी घरं वर्षाची सुकी मासळी, घोंगड्या, विळे-कोयते इथूनच नेत आली. यात्रेच्या सुमारास हळवं भात घरात आलेलं असतं, गरवं कापणीला किंवा खळ्यावर असतं. जिथलं पीक निघालं, त्या एखाद्या खाचरात गावातली पोरं फावडी घेऊन उतरतात. ढेकळं फोडायची, धसकटं उपटायची, खडे वेचायचे. कबड्डीचा हंगाम असा उघडतो आणि होळी, पाडवा ओलांडून हनुमान जयंतीपर्यंत चालतो.

नोव्हेंबरच्या याच आठवड्यांत तिकडे अमेरिकेत कॉलेज फुटबॉलचा हंगाम कळसाला पोचलेला असतो. दोन्ही खेळ अंगाला अंग भिडवण्याचे. दोन्हींत समोरच्याच्या हद्दीत घुसायचं असतं आणि घुसलेल्याला जमिनीवर आणायचं असतं. दोन्हींचा वर्षातला काळ ठरलेला, आणि दोन्हींमागे पैशाच्या आधी एखाद्या जागेचा अभिमान उभा. पण हंगाम कोण ठरवतो आणि संघ कोणाचा असतो, या दोन गोष्टींनी खेळाचा पुढचा सगळा इतिहास घडतो. अमेरिकेत दोन्ही गोष्टी कॉलेजच्या हातात गेल्या. कर्जत-खालापुरात हंगाम भाताने ठरवला आणि संघ गावाचा राहिला. या पट्ट्यातल्या कबड्डीचं बळ आणि तिची आजची अडचण, दोन्ही इथूनच निघतात.

अमेरिकेची गोष्ट आधी सांगितली पाहिजे, कारण तिच्यात मुलांच्या धसमुसळेपणाचा नियमबद्ध खेळ कसा होतो हे स्वच्छ दिसतं. ६ नोव्हेंबर १८६९ रोजी न्यू जर्सीतल्या न्यू ब्रन्सविक गावी रटगर्स आणि प्रिन्स्टन या दोन कॉलेजांची मुलं समोरासमोर आली. एका बाजूला पंचवीस गडी. रटगर्सने ६-४ असा सामना जिंकला. तो खेळ आजच्या अमेरिकन फुटबॉलसारखा दिसतही नव्हता. चेंडू हातात धरून पळायला त्यात मुभा नव्हती. पुढे रग्बीची पद्धत शिरली, १८७५ मध्ये हार्वर्ड आणि येल यांची लढत सुरू झाली आणि येलच्या वॉल्टर कॅम्प या खेळाडूने नियमांना आकार दिला. १८८० मध्ये एका बाजूला अकरा खेळाडू ठरले आणि दोन्ही फळ्या एका रेषेवर समोरासमोर उभ्या राहण्याची पद्धत आली. १८८२ मध्ये ठरावीक डावांत ठरावीक अंतर पुढे सरकलंच पाहिजे, नाहीतर चेंडू समोरच्याला, हा नियम आला. खेळाला लय मिळाली ती या नियमामुळे.

पण मार फार बसे. शिरस्त्राणं नावालाच होती आणि घोळका करून एकाच बाजूने धडकण्याची रीत होती. १९०५ च्या एकाच हंगामात दीड डझनाच्या आसपास मुलं दगावली. त्याच ऑक्टोबरमध्ये राष्ट्राध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट यांनी हार्वर्ड, येल आणि प्रिन्स्टनच्या प्रतिनिधींना व्हाइट हाउसमध्ये बोलावून घेतलं होतं. पुढच्या वर्षी चेंडू पुढे फेकायला परवानगी मिळाली, पुढे सरकण्याचं अंतर दहा यार्डांवर गेलं आणि कॉलेजांची एक सामायिक संघटना उभी राहिली. १९१० पासून ती एनसीएए या नावाने ओळखली जाते. खेळ वाचला, आणि तो कॉलेजचा झाला तो कायमचा. मिशिगन विद्यापीठाच्या मैदानात आज एक लाखाहून अधिक माणसं बसतात. शिकण्याचं सत्र उघडलं की हंगाम उघडतो आणि नाताळ-नववर्षाच्या मोठ्या सामन्यांनी तो संपत येतो.

हा खेळ महाराष्ट्रात आणण्याचाही प्रयत्न झाला. २०११ मध्ये एलिट फुटबॉल लीग ऑफ इंडिया जाहीर झाली. माइक डिट्का, कर्ट वॉर्नर यांच्यासारखी अमेरिकन फुटबॉलमधली बडी नावं तिच्या पाठीशी होती. मुंबई आणि पुण्याचे संघ होते, पुण्याच्या संघाचं नाव मराठाज. पहिल्या हंगामाचे सामने भरले कोलंबोत आणि जिंकले पुणे मराठाज. पण त्या विजयाची खबर पुण्यातल्या पेठांपर्यंतही धड पोचली नाही, आणि ही लीग इथे रुजली नाही. खेळाडू मेहनती होते. त्यांच्यामागे ना कॉलेज होतं, ना गाव. ज्या मातीत हा संघ रुजवायचा होता, तिथे अंगाला अंग भिडवण्याचा एक खेळ आधीच खोलवर गेलेला होता.

तो खेळ म्हणजे हुतूतू. त्याला लेखी नियम मिळाले तेही महाराष्ट्रातच, कॅम्पने अमेरिकेत काम केल्यानंतर तीन-चार दशकांनी. टिळकांच्या काळापासून आखाडे आणि व्यायामशाळांची चळवळ जोरात होती. साहेबाचं क्रिकेट शाळा-कॉलेजांत पसरत होतं आणि देशी खेळांनाही पंच, वेळ, गुण आणि मैदानाची मापं असावीत असं शारीरिक शिक्षणाच्या लोकांना वाटत होतं. पुण्याच्या डेक्कन जिमखान्याच्या पुढाकाराने १९१८ च्या सुमारास नियम बांधायला सुरुवात झाली. १९२३ मध्ये ते छापले गेले आणि त्याच वर्षी बडोद्याला त्या नियमांवर अखिल भारतीय स्पर्धा झाली. १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाच्या पथकाने भारतीय खेळांची प्रात्यक्षिकं केली, त्यांत कबड्डीही होती. १९३८ मध्ये कलकत्त्याच्या राष्ट्रीय क्रीडास्पर्धेत कबड्डीला स्थान मिळालं आणि १९५० मध्ये अखिल भारतीय महासंघ उभा राहिला.

नियम एक झाले म्हणजे खेळ लगेच एक झाला असं मात्र नाही. महाराष्ट्रात तीन तऱ्हा चालत. गामिनीत बाद झालेला गडी सगळा संघ बाद होईपर्यंत बाहेरच बसे. सगळे बाद झाले की लोण. असे पाच किंवा सात लोण होईपर्यंत खेळ चाले, घड्याळाचा संबंध नसे. अमरमध्ये बाद झालेला गडीही मैदान सोडत नसे, प्रत्येक बादीचा गुण तेवढा मोजला जाई. संजीवनीत समोरचा एक बाद झाला की आपला एक परत आत येई. शिवाय खेळाला वेळेचं बंधन असे. आजची कबड्डी मुख्यतः संजीवनीतून आली आणि लोणाचे दोन गुण तिने ठेवले.

यांतली गामिनी ही खरी रिकाम्या वेळेची कबड्डी. भात झोडून झालं आहे, नांगराला अजून सहा-सात महिने आहेत, चांदणं आहे आणि घाई कोणालाच नाही, अशा रात्री ती तासन्‌तास चालू शकते. घड्याळाची कबड्डी कामावर जाणाऱ्या माणसाची. वीस-वीस मिनिटांचे दोन डाव, मध्ये पाच मिनिटांची विश्रांती, आत सात गडी आणि बाहेर राखीव. सह्याद्रीच्या पायथ्याची ही गावं भाताच्या वेळेतून घड्याळाच्या वेळेत कशी गेली, ते समजून घ्यायला रेल्वे आणि गिरणीकडे वळावं लागतं.

कर्जत-खालापूर हा कोकणातला पहिल्यापासून मुंबईला जोडलेला भाग. खोपोलीपर्यंत आगगाडी १८५६ मध्येच आली होती आणि १८६३ मध्ये बोरघाट चढून ती पुण्याच्या दिशेने निघाली. १९१५ मध्ये खोपोलीला टाटांचं वीजघर सुरू झालं, १९२२ मध्ये भिवपुरीला दुसरं. घाटावर अडवलेलं पाणी खाली आणून केलेली ही वीज मुंबईच्या गिरण्यांकडे गेली. इथली माणसंही त्याच गिरण्यांकडे गेली. परळ, लालबाग, प्रभादेवी, डिलाईल रोडच्या चाळींत कोकणातल्या गावांच्या खोल्या होत्या आणि या वस्तीत कबड्डी घरोघरची होती. दादरचं अमरहिंद मंडळ, विजय क्लब ही नावं याच पट्ट्यातली. गिरण्यांचे, बंदराचे, रेल्वेचे, बँकांचे संघ बांधले गेले आणि चांगल्या चढाईपटूला खेळावर नोकरी मिळू लागली. रत्नागिरीच्या माणसाला गावी जायला शिमगा किंवा गणपती लागे. कर्जतचा माणूस मात्र पाळी संपवून लोकलने रात्री घरी येऊ शकत होता. मुंबईच्या मैदानावर पाहिलेली नवी पकड आठवड्याभरात गावच्या खाचरात येण्यासारखी परिस्थिती होती, आणि गावचा उमदा गडी मुंबईच्या एखाद्या मंडळाच्या नजरेत भरायलाही वेळ लागत नसे.

१८ जानेवारी १९८२ रोजी गिरणी संप सुरू झाला. दोन-अडीच लाख कामगार बाहेर पडले आणि त्यांतल्या असंख्य जणांचं काम कायमचं गेलं. गिरणगावातल्या कबड्डीचा कणा तिथे मोडला असं म्हणायला हरकत नाही, कारण मंडळाची वर्गणी, खेळाडूची नोकरी आणि प्रेक्षकांची गर्दी या तिन्ही गोष्टी गिरणीच्या पगारावर चालत होत्या. कर्जत-खालापुरात त्याचा फटका तेवढ्याच जोराने बसला नाही. तोवर खोपोलीत पोलादाचे आणि कागदाचे, रसायनीत रसायनांचे कारखाने आले होते आणि पुढे पाताळगंगेची औद्योगिक वसाहतही वाढत गेली. रोजगार गावाच्या जवळ आला. संघ गावातच राहिला.

आता हा संघ म्हणजे काय ते पाहू. कॉलेजच्या संघात मूल तीन-चार वर्षं असतं आणि मग माजी विद्यार्थी होतं. गावच्या मंडळात ते जन्मतःच येतं. मंडळाचं नाव बहुधा ग्रामदैवताचं: हनुमान, भैरवनाथ, गावदेवी. बनियनच्या पाठीवर आकडा आणि छातीवर देवाचं आणि गावाचं नाव. काका मध्यरक्षक होता त्या जागी पुतण्या येतो. पन्नाशीतला माणूस पंच होतो, गुणलेखक होतो, नाहीतर रेषेवर बसून पोरांना ओरडतो. कोणी संघाबाहेर जात नाही, फक्त जागा बदलते. अमेरिकेतल्या कॉलेजांनी माजी विद्यार्थ्यांचा जिव्हाळा टिकवायला दर वर्षी घरवापसीचे खास सामने भरवण्याची प्रथा पाडली. इथे तशी वेगळी प्रथा पाडावी लागली नाही.

स्पर्धेची रात्रही बघण्यासारखी असते. रायगडात एका रात्रीत संपणाऱ्या स्पर्धांची रीत फार. सोळा, कधी बत्तीस संघ, बाद पद्धत. संध्याकाळी चिठ्ठ्या टाकून जोड्या ठरतात. हंगामात एकामागून एक गावं तारखा धरतात, आणि शेजारच्या गावाची तारीख आपल्या तारखेवर येऊ नये म्हणून आधी विचारपूस होते. मैदान खणून, चाळून, पाणी मारून, रूळ फिरवून तयार केलेलं असतं. नियमांच्या पुस्तकातही मैदान मऊ असावं, माती, खत आणि लाकडाचा भुसा यांचं असावं असं सांगितलेलं आहे. माती फार ओली राहिली तर पाय सरतो, फार सुकली तर गुडघे सोलतात. तो अंदाज गावातल्या दोन-तीन जाणत्यांनाच असतो. तेरा मीटर लांब, दहा मीटर रुंद. दोरी धरून फक्कीने रेषा आखायच्या: मध्यरेषा, दोन्ही अंगणांत निदान रेषा आणि तिच्या मागे बोनस रेषा, कडेला राखीव पट्टा. पूर्वी गॅसबत्त्या टांगत, मग ट्यूबलाइट आल्या, आता प्रखर दिवे आहेत. कडेला ट्रॅक्टरच्या ट्रॉल्या लावल्या की त्याच गॅलऱ्या.

आठच्या पुढे नारळ फुटतो. पहिले सामने नवशिक्या संघांचे असतात, तरी गर्दी हलत नाही, कारण त्यांत कोणाचा तरी धाकटा भाऊ असतो. मध्यरात्रीनंतर खेळ तापतो. ध्वनिक्षेपकावरचा समालोचक प्रत्येक गड्याला टोपणनावाने ओळखतो, आणि कोणी खूश होऊन एखाद्या पकडीला बक्षीस लावलं की तेही लगेच पुकारतो. लहान चणीच्या मुलांसाठी पंचावन्न किलोच्या आतला गट वेगळा ठेवतात. हा गट या भागाने फार जपला आहे, आणि ते योग्यच आहे. भातशेतीत वाढलेल्या काटक पोराला ऐंशी किलोच्या गड्यासमोर उभं केलं तर त्याचं कौशल्य दिसायच्या आधीच तो दबतो. वजन सारखं ठेवलं की घोट्याची पकड, कोपऱ्यातून टाकलेली उडी, मधल्या जोडीने हाताला हात गुंफून केलेली साखळी, हे सगळं डोळे भरून बघता येतं.

समान गुण झाले तर पाच-पाच चढाया. त्यातही बरोबरी झाली तर सुवर्ण चढाई: नाणेफेक जिंकणाऱ्याची पहिली संधी, आणि त्या एका दमावर रात्रभराचा निकाल. अंतिम सामना पहाटे होतो. मग चषक, रोख रक्कम, उत्कृष्ट चढाई, उत्कृष्ट पकड, आणि रायगडच्या मैदानांवर आवर्जून दिलं जाणारं पब्लिक हिरो हे बक्षीस, म्हणजे प्रेक्षकांच्या पसंतीचा खेळाडू. तोवर पहिल्या लोकलची वेळ होते आणि काही गडी मैदानातूनच स्टेशनकडे, कामावर जातात.

सगळ्या गावांना खाचर सारखंच मोकळं मिळतं असं मात्र नाही. भिवपुरीच्या वीजघरातून सुटलेलं पाणी पेज नदीत येतं आणि राजनाल्याच्या कालव्याने शिवारात फिरतं. कर्जत तालुक्यातली ही गावं उन्हाळी भात घेतात. तिथे एक पीक निघालं की दुसऱ्याची लावणी, खाचर रिकामं पडत नाही. मैदान शोधायचं ते देवळासमोर, शाळेच्या पटांगणात, नाहीतर माळावर. वरकस जमिनीच्या आणि डोंगरकडेच्या गावांना पाणी नाही, पण मैदान आहे. हळवं भात आधी निघतं, म्हणून तिथे सरावही आधी. कर्जतच्या भात संशोधन केंद्राने काढलेल्या वाणांमध्ये कमी दिवसांत तयार होणारे हळवे वाणही आहेत. ते या शिवारांत पसरले तसा भाताबरोबर कबड्डीचा दिवसही थोडा अलीकडे आला असणार.

या सगळ्यात कॉलेज कुठे आहे? कर्जतला कोकण ज्ञानपीठाचं महाविद्यालय आहे, खोपोलीला के. एम. सी. महाविद्यालय आहे, आणि ही मुलं मुंबई विद्यापीठाच्या आंतरमहाविद्यालयीन स्पर्धांत उतरतात. पण शाळा-कॉलेजच्या क्रीडास्पर्धांचं वेळापत्रक पहिल्या सत्राचं असतं. तालुका, जिल्हा, विभाग, राज्य अशी शालेय स्पर्धांची साखळी पावसाळ्यात सुरू होते. तेव्हा या भागात आभाळ फाटलेलं असतं, खाचरात गुडघाभर पाणी असतं आणि घरात लावणी किंवा बेणणीचं काम असतं. सराव करायला कोरडी जागा मिळत नाही. महाराष्ट्रात १५ जुलैला कबड्डी दिन साजरा होतो, कबड्डीमहर्षी शंकरराव ऊर्फ बुवा साळवी यांच्या जन्मदिनानिमित्त. या माणसाने खेळासाठी आयुष्य वेचलं, त्याच्या स्मृतीचा दिवस साजरा झालाच पाहिजे. पण त्या दिवशी कर्जतचा कबड्डीपटू बहुधा रोपांच्या मुठी हातात घेऊन चिखलात उभा असतो.

त्यामुळे एकाच मुलाचे वर्षात दोन हंगाम होतात. ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये तो कॉलेजसाठी खेळतो, बऱ्याचदा पुरेशा सरावाविना. कार्तिकानंतर तो गावासाठी खेळतो आणि तिथे त्याचा खरा खेळ दिसतो. या दोन्हींची गाठ घालण्याचं काम जिल्हा निवड चाचणी करते, कारण राज्य स्पर्धेत जिल्ह्याचा संघ उतरतो आणि तिथे चमकला तर पुढे महाराष्ट्राच्या संघाचा दरवाजा उघडतो. तालुक्यातल्या घरांना त्या दरवाज्याचं मोल ठाऊक आहे. राज्य सरकारच्या नोकऱ्यांत खेळाडूंना पाच टक्के आरक्षण आहे, आणि रेल्वे, पोलीस, पेट्रोलियम कंपन्या अजून कबड्डीचे संघ बाळगतात.

रायगडने जगाची कबड्डीही आपल्या अंगणात पाहिली. पुरुषांचा पहिला विश्वचषक २००४ मध्ये मुंबईत झाला आणि दुसरा, नोव्हेंबर २००७ मध्ये, पनवेलला. कर्जत-खालापूरहून पनवेल हाकेच्या अंतरावर. अंतिम सामन्यात भारताने इराणला २९-१९ असं हरवलं. इराणच्या गड्यांनी त्या वेळीच दाखवलं होतं की हा खेळ आता फक्त आपल्या घरचा राहिलेला नाही. १९९० च्या बीजिंग आशियाई स्पर्धेपासून भारताच्या पुरुषांनी सलग सात सुवर्णपदकं घेतली होती. २०१८ मध्ये जाकार्ताला इराणने ती मालिका उपांत्य फेरीत तोडली, आणि महिलांच्या अंतिम फेरीतही भारत इराणकडूनच हरला. २०२३ मध्ये हांगझोऊला दोन्ही सुवर्णपदकं परत आली.

या आंतरराष्ट्रीय कबड्डीची जमीन मात्र वेगळी आहे. ती मॅटवर खेळली जाते, पायात बूट घालून. २०१४ मध्ये प्रो कबड्डी सुरू झाली, मुंबईचा संघ यू मुम्बा पहिल्याच वर्षी अंतिम फेरीत गेला आणि पुढच्या वर्षी विजेता ठरला. २०२४ च्या मार्चमध्ये पुणेरी पलटणने अस्लम इनामदारच्या नेतृत्वाखाली विजेतेपद घेतलं. दूरचित्रवाणीवरची ती कबड्डी गावात आली ती नियमांसकट. चढाईला तीस सेकंदांची मर्यादा, दोन चढाया रिकाम्या गेल्या की तिसरीत गुण घेतलाच पाहिजे, तीन किंवा कमी गडी असताना केलेल्या पकडीला जादा गुण. खाचरातल्या स्पर्धांनी हे पटापट उचललं. दम लांबवण्याची जुनी कला त्यात मागे पडली. जुन्या खेळात चढाई दमावर चाले, आणि ज्याचा दम मोठा त्याला समोरच्या फळीला थकवता येई. त्याबद्दल हळहळणारी माणसं अजून भेटतात आणि त्यांचं दुःख खोटं नाही. तरी वेग वाढला, बघणारा वाढला, आणि मुलींनाही हा खेळ करिअर म्हणून दिसू लागला, हे मोठंच पाऊल आहे.

खरी अडचण जमिनीची आहे, दोन अर्थांनी. मातीवर अनवाणी वाढलेला गडी मॅटवर गेला की त्याची पावलं चुकतात. मातीत घसरून वळता येतं. मॅट पाय धरून ठेवते, वळताना गुडघा पिरगळतो. कोपऱ्यातली उडी मातीत अंगावर झेलता येते, मॅटवर तिचा आदळ निराळा. आज वरच्या दर्जाचे सामने मॅटवर होतात, आणि गावची स्पर्धा मातीत होते. म्हणजे हंगामभर पब्लिक हिरो ठरलेला मुलगा नेमक्या मोक्याच्या वेळी अनोळखी जमिनीवर उभा राहतो. तालुका पातळीवर बारमाही वापरता येईल असं छत आणि खाली मॅट असेल तर पावसाळ्यातल्या शालेय-महाविद्यालयीन स्पर्धांचीही अडचण सुटेल. क्रीडा संकुलांची सरकारी योजना याचसाठी आहे. तिच्यात स्थानिक खेळाला पहिली जागा मिळावी, ही मागणी कर्जत-खालापूरच्या मंडळांनी लावून धरायला हवी.

दुसरा अर्थ साधा आहे: खाचरंच कमी होत आहेत. २००२ मध्ये मुंबई-पुणे द्रुतगती मार्ग पूर्ण झाला तो खालापुरातून. कर्जतच्या नदीकाठांवर शेतघरं आणि विश्रामगृहं उभी राहिली, स्टेशनांभोवती गृहसंकुलं वाढली. विकलेल्या जमिनीला तारेचं कुंपण पडतं आणि सुगीनंतर सगळ्यांना मोकळं असलेलं शिवार बंद होतं. जी मैदानं उरली त्यांवर शनिवार-रविवारी टेनिस चेंडूच्या क्रिकेटचे सामने असतात. त्यांना मोठी जागा आणि मोठी बक्षिसं. कबड्डीला तेरा बाय दहा मीटर पुरतात, म्हणून ती कडेच्या जागेत, रात्री, तग धरून आहे. करोनाच्या काळात स्पर्धा थांबल्या, तेव्हाही मंडळं मोडली नाहीत. आता तर स्पर्धा मोबाइलवर थेट दिसते आणि दुबई-मस्कतला कामावर असलेला गावचा माणूस तिथून बक्षीस पाठवतो.

गावठाणालगतचा एखादा तुकडा मैदान म्हणून कायम राखण्याचा ठराव ग्रामसभा करू शकते. जमिनीचे भाव या पातळीला पोचलेले असताना असा ठराव टिकवणं अवघड आहे, पण मंडळातली माणसंच ग्रामपंचायतीत निवडून जात असतात, तेव्हा ते त्यांच्या हाताबाहेरचंही नाही. तोवर ज्यांच्या गावात जागा उरलेली नाही, ती पोरं शेजारच्या गावच्या मैदानावर सराव करतात, आणि स्पर्धेच्या चिठ्ठीवर नाव आपल्याच गावचं घालतात.